कोटणीसांच्या नाटकातले जपानी

डिसेंबरात ओळखीच्या एका शिक्षकांनी त्यांच्या शाळेच्या स्नेहसंमेलनासाठी, जपानशी झुंजणाऱ्या चीनमध्ये जाऊन जखमींवर उपचार करणाऱ्या सोलापूरच्या डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांच्यावर पंचवीस मिनिटांचं नाटक बसवायला घेतलं. संवादांची भाषा तपासायला म्हणून मी तालमीला जाऊन बसत असे. सातवी-आठवीची मुलं होती. चिनी सैनिक झालेल्या पोरांनी काजळाने डोळ्यांच्या कडा कानापर्यंत ओढल्या होत्या. जपानी अधिकारी झालेल्या मुलाने आपण होऊनच आवाज घोगरा केला होता आणि दर वाक्यानंतर तो 'हा हा हा' असं हसायचा. दुसऱ्या तालमीत तोच मुलगा मधेच थांबला आणि म्हणाला, "सर, पण जपान तर आपल्याला बुलेट ट्रेन देतंय की. मग मी वाईट कसा?" सरांनी त्याला पुढचं वाक्य म्हणायला सांगितलं. त्या क्षणी दुसरं काही सुचण्यासारखं नव्हतंच.

चार दिवसांनी पालकसभेत वाद पेटला. एक गृहस्थ उठून म्हणाले, गलवानमध्ये आपले वीस जवान ज्यांनी मारले त्यांच्या सैन्याची सेवा करणारा डॉक्टर दाखवून तुम्ही मुलांना काय शिकवताय? टाळ्या पडल्या. उत्तरादाखल दुसऱ्या बाजूने कुणी 'कलेला सरहद्द नसते' म्हणालं, कुणी 'लहान मुलांच्या मनात विष कालवू नका' म्हणालं. तिथेही थोड्या टाळ्या पडल्या. दोन्ही बाजूंचे लोक प्रामाणिक होते आणि दोन्ही बाजूंनी वाद वाईट घातला. हाच वाद मी गेली काही वर्षं गणेशोत्सवातल्या व्याख्यानमालेत, ग्रंथालयाच्या खरेदी समितीत, चहाच्या टपरीवर याच दोन वाक्यांत ऐकतो आहे. शत्रू आहे ना, मग शत्रूसारखा दाखवा. नाहीतर शत्रू असं काही नसतंच, सगळी माणसंच.

माझं म्हणणं वेगळं आहे. शत्रुराष्ट्र असतं, त्याचं वैर खरं असतं, आणि म्हणूनच पुस्तकात, पडद्यावर, रंगमंचावर ते आणताना नेमकं आणलं पाहिजे. त्याचं क्रौर्य नेमकं, त्याचे हिशेब नेमके, त्याची माणसंही नेमकी. यात त्यांच्यावर उपकार करण्याचा प्रश्न येत नाही. शत्रूचं ढोबळ चित्र काढणारा समाज पहिल्यांदा स्वतःचीच दृष्टी घालवतो, आणि त्याची किंमत चित्र काढणारे मोजत नाहीत. सीमेवरचा जवान मोजतो, आणि आपल्याच गावातला कुणीतरी मोजतो ज्याचं नाव, चेहरा किंवा धर्म त्या चित्राशी जुळतो.

समोरच्या बाजूचं सगळ्यात भक्कम म्हणणं आधी घेतो, कारण त्याला बगल देऊन पुढे जाणं बरोबर नाही. ज्याच्या घरी तिरंग्यात गुंडाळलेली पेटी आली आहे त्याला 'तिकडेही आई असते' हे सांगायला जाणं हा क्रूरपणा आहे. २२ एप्रिल २०२५ ला पहलगामला सव्वीस माणसं मारली गेली, त्यात महाराष्ट्रातलीही होती. त्या आठवड्यात कुणी पाकिस्तानी समाजाच्या गुंतागुंतीवर लेख लिहिला असता तर मीही तो वाचला नसता. शोकाला वेळ लागतो आणि रागालाही त्याचा मान द्यावा लागतो. दुसरंही मान्य करतो. साहित्याने, नाटकाने न्यायाधीशासारखं तटस्थ बसलं पाहिजे असं नाही. पोवाडा एका बाजूचाच असतो, तसा असण्याचा त्याला हक्क आहे. आणि तिसरं, 'तेही आपलं असंच चित्र काढतात' हेसुद्धा खरं आहे, त्यात खोटं काही नाही.

आता पोवाड्याचंच बघू. अज्ञानदासाचा अफजलखानाच्या वधाचा पोवाडा मराठीतल्या उपलब्ध पोवाड्यांत सर्वांत जुना मानला जातो. शाहीर उघड उघड महाराजांच्या बाजूचा आहे, आणि तरी त्याने खान कसा उभा केला आहे? बलाढ्य, फौजफाट्याचा, ज्याचं नाव ऐकून मुलुखाची छाती दडपावी असा. खान गबाळा आणि मूर्ख असता तर प्रतापगडाच्या पायथ्याशी काय घडलं हे सांगायला शाहिराने डफावर थाप तरी कशाला मारली असती? ही समज आपल्या शाहिरांना साडेतीनशे वर्षांपूर्वी होती. आज पडद्यावर जो शत्रू दिसतो तो सुरमा घालून डोळे वटारतो, बिर्याणी खाता खाता कट रचतो, आणि शेवटी आपल्या नायकाच्या एका ठोशात आडवा होतो. असल्या माणसाशी लढायला एवढं मोठं सैन्य, एवढी शिस्त, एवढं बलिदान का लागावं? शत्रूला विदूषक केलं की त्याच्याशी लढणाऱ्या जवानाची उंचीही तेवढीच खाली येते. पक्षपाती कलेलाही मोठा शत्रू लागतो. पक्ष घ्या, पण शत्रू खरा घ्या, इतकंच मागणं आहे.

सोलापूरहून मंगळवेढ्याकडे निघालं की भीमेच्या काठी माचणूर लागतं. तिथल्या सिद्धेश्वराच्या देवळामागे घाट आहे, समोर नदीचं पात्र आणि बाजूला किल्ल्याची पडकी तटबंदी. १६९५ ते १६९९ औरंगजेबाची छावणी या परिसरात, ब्रह्मपुरीला होती. आम्ही लहानपणी सहलीला गेलो तेव्हा गुरुजींनी एवढंच सांगितलं होतं की इथे औरंग्या राहायचा. कसा राहायचा? पंचाहत्तरी ओलांडलेला बादशहा, दिल्ली सोडून दीड दशक झालेलं, विजापूर आणि गोवळकोंडा घेऊन झालेले, संभाजी महाराजांना हालहाल करून मारून झालेलं, आणि तरीही मराठे संपत नाहीत. राजाराम महाराज जिंजीला, संताजी-धनाजी कुठून येतील याचा नेम नाही. मरणाआधी मुलांना लिहिलेली म्हणून त्याची जी पत्रं प्रसिद्ध आहेत त्यांत आयुष्य वाया गेल्याची खंत आहे. एकटा आलो, परका म्हणून चाललो, अशी भाषा आहे. ही खंत मराठी मुलांना वाचायला दिली तर औरंगजेबाचे गुन्हे धुतले जातात का? माझ्या मते मराठ्यांच्या त्या सत्तावीस वर्षांच्या झुंजीला याहून मोठं प्रशस्तिपत्र कुणी दिलेलं नाही. शिव्या देऊन त्या झुंजीची खोली कळत नाही. माचणूरच्या घाटावर बसलेला तो म्हातारा डोळ्यांसमोर आला की कळते.

आणि हे उलट दिशेने आपल्याला नेहमी हवंच असतं. शिवाजी महाराज परस्त्रीला मातेसमान मानत, कुराण हाती लागलं तर ते आदराने परत देत, मशिदीला धक्का लावत नसत, हे आपण भाषणांत अभिमानाने सांगतो. साक्ष कुणाची काढतो? खाफीखानाची. मुघलांकडचा हा इतिहासकार महाराजांचा पक्का द्वेष्टा होता. महाराजांच्या मृत्यूची नोंद करतानाही त्याने त्यांना नरकात पाठवलं आहे. त्याच लेखणीने त्याने ही नोंद केली, आणि आज जवळपास तीन शतकांनंतर महाराजांच्या चारित्र्याचा सर्वांत वजनदार पुरावा शत्रूच्या त्या परिच्छेदात आहे. घरच्या कवीने केलेल्या स्तुतीवर कुणी शंका घेईल, खाफीखानावर कोण घेणार? त्याने 'शत्रूबद्दल बरं लिहू नये' हा नियम पाळला असता तर नुकसान कुणाचं झालं असतं?

मराठी माणसाला या प्रश्नाकडे बघण्याची एक खास जागा आहे, आणि आपण तिथे सहसा उभे राहत नाही. बंगालात आजही आया एक अंगाईगीत म्हणतात. बाळ झोपलं, वस्ती शांत झाली, आणि देशात बर्गी आले. पाखरांनी धान खाऊन टाकलं, आता सारा कुठून भरायचा? बर्गी म्हणजे आपले बारगीर, मराठा फौजेतले घोडेस्वार. नागपूरकर भोसल्यांच्या स्वाऱ्या १७४० च्या दशकात बंगालवर झाल्या, त्यांची ही आठवण. गंगाराम नावाच्या कवीने त्याच काळात लिहिलेल्या 'महाराष्ट्र पुराण' या काव्यात गावं जाळल्याची, माणसं कापल्याची, बायकांवरच्या अत्याचारांची वर्णनं आहेत. नाव पुराणाचं, विषय आपण. कोलकात्याच्या एखाद्या आजीच्या मांडीवर झोपणाऱ्या बाळासाठी अडीचशे वर्षं आपण बागुलबुवा आहोत.

हे वाचून मराठी मन आधी दुखावतं, मग युक्तिवाद करू लागतं. चौथाई बाकी होती, बंगालच्या नवाब अलिवर्दीखानाने भोसल्यांचा सेनापती भास्कररामाला भेटीला बोलावून दगा करून मारलं, युद्धात असं होतंच. यातलं काही खरं आहे. पण गंगारामाची वर्णनंही हवेतून आलेली नाहीत. मग आपली बंगाली माणसाकडून अपेक्षा काय असते? त्याने स्वाऱ्या विसराव्यात अशी नसते. जळालेली गावं त्याने जरूर सांगावीत, पण त्यावरून ज्ञानेश्वर, तुकाराम, फुले आणि सोलापूरच्या मागावर बसलेला विणकर अशा सगळ्यांना बर्गी ठरवू नये, एवढीच असते. राज्याने केलेलं आणि लोकांनी जगलेलं वेगळं ठेवावं. ही अपेक्षा रास्त आहे असं आपल्याला वाटत असेल, तर लाहोरच्या विणकराबद्दल आणि शांघायच्या शिक्षिकेबद्दल तीच आपल्याला लागू होत नाही का?

'तेही तसंच करतात' याला माझं उत्तर हेच की करतात, आणि त्याने त्यांचंच वाटोळं झालं हे त्यांच्यातल्या शहाण्यांनी लिहून ठेवलंय. के. के. अझीझ या पाकिस्तानी इतिहासकाराने आपल्या देशातली सहासष्ट क्रमिक पुस्तकं तपासली आणि १९९३ मध्ये जे पुस्तक काढलं त्याचं नावच 'इतिहासाचा खून' अशा अर्थाचं होतं. हिंदू म्हणजे कपटी, प्रत्येक युद्ध आपणच जिंकलं, असं पिढ्यान्‌पिढ्या शिकवलेल्या मुलांच्या हाती काय लागलं? १९७१ मध्ये ढाका पडेपर्यंत पश्चिम पाकिस्तानातल्या सामान्य माणसाला आपण हरतोय याचा पत्ता नव्हता. ज्या औषधाने शेजारी आजारी पडला तेच आपण का घ्यावं?

आता दुसरी बाजू, 'कलेला सरहद्द नसते' म्हणणाऱ्यांची. मनाने मी त्यांच्या जवळचा, म्हणून त्यांच्यावर जास्त रागावतो. सरहद्द असते. तिच्यावर माणसं मरतात. आणि गोड चित्रही खोटं असू शकतं हे भारताइतकं कुणी भोगलं आहे? १९५० च्या दशकात 'हिंदी-चिनी भाई भाई' च्या घोषणा झाल्या. सहस्रकं जुनी मैत्री, बुद्धाचा धागा, ह्युएनत्संगाच्या आठवणी. त्या चित्रात चिनी कम्युनिस्ट पक्ष कसा विचार करतो, तिबेटचं त्यांच्या लेखी काय महत्त्व आहे, अक्साई चीनमधून त्यांना रस्ता का हवा होता, हे कुठे होतं? ते चिनी माणसाचं चित्रच नव्हतं, आपल्या इच्छेचं होतं. ऑक्टोबर १९६२ मध्ये ते फाटलं आणि आपले जवान सुती कपड्यांत, अपुऱ्या दारूगोळ्यानिशी थंडीत उभे राहिले. त्या पराभवाची कारणं अनेक आहेत. पण समोरच्याला नीट न ओळखणं त्यात होतंच, आणि ते न ओळखणं द्वेषातून आलेलं नव्हतं, भाबडेपणातून आलं होतं. काजळाने ओढलेले डोळे आणि कपाळावर लावलेला भाईपणाचा टिळा, दोन्हींमागे खरा चेहरा दिसत नाही.

मग फाटलेल्या चित्राच्या जागी दुसरं आलं, तेवढंच ढोबळ. १९६२ नंतर आसाम, दार्जिलिंग, कोलकाता भागातल्या सुमारे तीन हजार चिनी वंशाच्या लोकांना उचलून राजस्थानात देवळीच्या छावणीत ठेवलं गेलं. यातले कितीतरी भारतात जन्मलेले, सुतारकाम, चामड्याचं काम, चहाच्या मळ्यातली नोकरी करणारे होते. मुलं होती, म्हातारे होते. काहीजण तिथे चार-पाच वर्षं राहिले. त्यांचा गुन्हा चेहऱ्याचा होता. अमेरिकेने दुसऱ्या महायुद्धात सव्वा लाखाच्या घरात जपानी वंशाच्या लोकांना असंच डांबलं आणि १९८८ मध्ये कायदा करून माफी मागितली. देवळीची गोष्ट आपल्याकडे किती शिकलेल्या माणसांना माहीत आहे? शत्रूचं चित्र सीमेपलीकडे जात नाही, ते इथेच राहतं आणि इथल्या माणसांना चिकटतं. सोलापूरसारख्या गावात, जिथे एका बोळात तेलुगू, कानडी, उर्दू आणि मराठी अशा चार भाषा ऐकू येतात, हे मी कुणाला समजावून सांगायला नको. क्रिकेटचा सामना असला की कुठल्या पेठेत कुणाच्या चेहऱ्याकडे बघितलं जातं, हे सगळ्यांना माहीत आहे.

खोट्या चित्राचं आणखी एक नुकसान असतं, ते सगळ्यात उशिरा कळतं. पहिल्या महायुद्धात, १९१७ मध्ये, ब्रिटिश वर्तमानपत्रांनी छापलं की जर्मन लोक स्वतःच्या मेलेल्या सैनिकांची प्रेतं कारखान्यात नेऊन त्यांची चरबी काढतात. लोकांनी विश्वास ठेवला, कारण जर्मन म्हणजे राक्षस हे चित्र तयारच होतं. १९२५ मध्ये ब्रिटनच्या परराष्ट्रमंत्र्यांना संसदेत कबूल करावं लागलं की त्या गोष्टीला आधार नाही. आणि मग पुढच्या युद्धात हिटलरच्या मृत्युछावण्यांच्या बातम्या येऊ लागल्या तेव्हा अनेक शहाण्यासुरत्या माणसांनी त्या झटकून टाकल्या: मागच्या वेळीही असंच काहीतरी छापलं होतं! या वेळी मात्र खरंच लाखो माणसं मारली जात होती. मे २०२५ मध्ये भारत-पाकिस्तान संघर्षाच्या रात्री आपल्या काही वाहिन्यांनी कराची बंदर उद्ध्वस्त झाल्याचं सांगितलं. सकाळी कराची बंदर जागेवर होतं. सैन्याने त्या दिवसांत जे खरोखर केलं त्यावरही मग जगाने शंकेने बघितलं, आणि ते आपल्याच स्टुडिओतल्या लोकांमुळे. शत्रूबद्दल खोटं बोलण्याची सवय झाली की त्याच्याबद्दलचं खरंही कुणी ऐकत नाही.

अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत टॉवेलचा कारखाना असलेले एक स्नेही आहेत. पाकिस्तानचं नाव काढलं तरी त्यांच्या कपाळावर शीर उभी राहते. पण टेरी टॉवेलच्या बाजारात कराचीचे कारखानदार स्पर्धक आहेत, म्हणून तिथे सुताचा दर काय चाललाय, विजेचं युनिट कितीला पडतं, युरोपात त्यांना कुठली सवलत मिळते, हे त्यांना तोंडपाठ असतं. चिनी रॅपिअर मागाबद्दल विचारा, त्याची प्रत्येक कमजोरी आणि प्रत्येक ताकद सांगतील. "स्पर्धक मूर्ख आहे असं धरून चाललो तर दिवाळीपर्यंत कुलूप लागेल," असं ते म्हणाले होते. धंद्यात जे भान आहे ते आपल्या पुस्तकांत आणि पडद्यावर का नसावं? अमेरिकेने १९४४ मध्ये, जपानशी ऐन युद्ध चालू असताना, रूथ बेनेडिक्ट या मानववंशशास्त्रज्ञ बाईंना जपानी मनाचा अभ्यास करायला बसवलं. प्रचाराची भित्तिपत्रकं तेव्हा जपान्यांना माकडासारखं रंगवत होती, ती तशीच चालू होती. पण जिथे निर्णय घ्यायचे होते तिथे माकडाचं चित्र उपयोगाचं नव्हतं.

'ज्यांनी काही गमावलं नाही तेच शत्रूला माणूस म्हणतात' असं एक वाक्य हमखास फेकलं जातं. ग्रीक नाटककार ईस्किलस स्वतः मॅरेथॉनच्या लढाईत इराण्यांविरुद्ध लढला, त्याचा सख्खा भाऊ तिथे पडला. पुढे इराण्यांनी अथेन्स जाळलं. सलामिसच्या विजयानंतर आठ वर्षांनी, इसवी सनापूर्वी ४७२ मध्ये, त्याने अथेन्सच्या रंगमंचावर नाटक आणलं ते थेट इराणच्या राजवाड्यात घडणारं. पराभवाची बातमी ऐकणारी राजमाता, एकेका मेलेल्या सरदाराचं नाव, आक्रोश. प्रेक्षकांत जहाजं वल्हवून लढलेले लोक बसले होते. त्या नाटकात ग्रीकांचा अभिमान ओतप्रोत आहे, तो लपवलेला नाही. पण अभिमानासाठी त्याला इराणी बायकांचे अश्रू खोटे ठरवावे लागले नाहीत. आणि लांब कशाला जायचं, महाभारतात युद्ध जिंकल्यावर व्यासांनी अख्खं स्त्रीपर्व ठेवलं आहे. कुरुक्षेत्रावर गांधारी दुर्योधनाचं प्रेत शोधत फिरते, कौरवांच्या विधवा रडतात, आणि धर्माच्या बाजूने उभ्या राहिलेल्या कृष्णालाच शाप मिळतो. व्यासांवर देशद्रोहाचा आरोप करायला कुणी धजावेल का?

आता पुन्हा कोटणीसांकडे येतो, कारण आमच्या गावच्या या एका माणसाच्या गोष्टीत सगळा गुंता आहे. १९१० मध्ये सोलापुरात जन्म. १९३८ मध्ये काँग्रेसने जपानी आक्रमणाशी झुंजणाऱ्या चीनला पाच डॉक्टरांचं पथक पाठवलं. अटल, चोळकर, बसू, मुखर्जी आणि कोटणीस. बाकीचे परतले, हे राहिले. चिनी भाषा शिकले, आघाडीवर शस्त्रक्रिया केल्या, गुओ चिंगलान या परिचारिकेशी लग्न केलं आणि ९ डिसेंबर १९४२ ला, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी, तिकडेच गेले. १९४६ मध्ये व्ही. शांताराम यांनी त्यांच्यावर चित्रपट काढला, स्वतः कोटणीस झाले. त्यात चिनी म्हणजे सोसणारे, लढणारे सज्जन. जपानी म्हणजे क्रूर. ते क्रौर्य कल्पनेतलं नव्हतं, नानकिंगमध्ये जपानी सैन्याने १९३७ मध्ये जे केलं त्यापुढे कुठलाही चित्रपट कमीच पडेल. पण त्याच काळात, १९४३ पासून, नेताजी आझाद हिंद सेना घेऊन त्याच जपानच्या खांद्याला खांदा लावून लढत होते, आणि सोलापुरातल्या घराघरांत नेताजींची तसबीर होती. एकाच भिंतीवर दोन खिळे, एकाला जपानशी लढणाऱ्यांचा डॉक्टर टांगलेला, दुसऱ्याला जपानच्या साथीने लढणारा सेनापती. दोघेही आपले.

पुढे टोकियोच्या युद्धगुन्ह्यांच्या खटल्यात न्यायमूर्ती राधाबिनोद पाल यांनी जपानी नेत्यांना दोषी ठरवायला नकार दिला, म्हणून टोकियोच्या यासुकुनी मंदिरात, जिथे जपानच्या युद्धांत मेलेल्यांचं स्मरण होतं, आज त्यांचं स्मारक आहे. ज्या मंदिराचं नाव निघालं की चीनचा संताप होतो, तिथे एका भारतीयाचं स्मारक. आणि चीनमध्ये शिजियाझुआंगच्या हुतात्म्यांच्या स्मशानभूमीत दुसऱ्या भारतीयाची समाधी. यातला कुठला भारतीय शत्रूच्या बाजूचा? १९४६ चा सज्जन चीन १९६२ मध्ये शत्रू झाला. तेव्हाचा राक्षस जपान आज मुंबई-अहमदाबाद रेल्वेला पैसे देतो. बिल्ले इतके झपाट्याने बदलतात की शांताराम यांचा चित्रपट पहिल्या आठवड्यात बघितलेला माणूस हयातीतच दोन्ही बदललेले बघून गेला. त्या चित्रातलं आज टिकलंय काय? रक्त, जखमा, औषध नसताना केलेली शस्त्रक्रिया, परक्या भाषेत रुग्णाला दिलेला धीर. माणूस जेवढा नेमका होता तेवढं टिकलं.

एक गोष्ट मात्र प्रांजळपणे सांगायला हवी. चीनचं सरकार कोटणीसांची आठवण आपल्या सोयीने वापरतं. त्यांचे मोठे नेते भारतात येऊन कोटणीस कुटुंबाला भेटतात, फुलं देतात, आणि सीमेवर जे करायचं ते करत राहतात. भैय्या चौकातल्या स्मारकात चिनी पाहुणे येतात तेव्हा आपण भारावून जाऊ नये. पालकसभेतल्या त्या गृहस्थांचा राग इथे रास्त आहे. पण यावर उपाय कोटणीसांना झाकून ठेवणं हा आहे का? मुलांना दोन्ही सांगता येतं. १९३८ सांगा, १९६२ सांगा, गलवान सांगा. तेरा वर्षांचं पोर तीन तारखा डोक्यात धरू शकतं. त्याला धरता येणार नाहीत असं आपण ठरवतो, कारण आपल्यालाच एका वेळी एकच धरायची सवय लागली आहे.

आणि सोलापुरानेच हे विसरावं? १९३० च्या मे महिन्यात हे गाव साम्राज्याचं शत्रू होतं. इथे मार्शल लॉ पुकारला गेला, तिरंगा हातात धरणं गुन्हा झाला. सरकारी कागदांत आमची माणसं दंगेखोर आणि खुनी होती. मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा. १२ जानेवारी १९३१ ला चौघांना येरवड्यात फाशी दिलं. गड्ड्याच्या यात्रेचे दिवस होते ते. त्यांच्या नावांवरून बघा, सरकारच्या लेखी एकाच जमावात कोण कोण होतं. त्या काळात लंडनमध्ये बसून सोलापूरबद्दल जे छापून येई तेच कुणी खरं धरलं असतं, तर चार पुतळ्यांच्या चौकातून जाताना आज आपण मान वर करून बघतो ती बघता आली असती का? आपलं चित्र दुसऱ्याने ढोबळ काढलं की काय होतं हे या गावाने गळ्याभोवती दोर पडून अनुभवलं आहे.

शाळेने संहिता परत पाठवली तेव्हा तिच्यावर लाल शाईच्या सात खुणा होत्या. 'चिनी' शब्द शक्यतो गाळावा. लग्नाचा प्रसंग नको. शेवटी देशभक्तिपर समूहनृत्य घालावं. शिक्षक दोन दिवस कुणाशी बोलले नाहीत. मग त्यांनी स्नेहसंमेलनातून नाटक काढून घेतलं. ओळखीच्या एका वाड्याच्या चौकात १० ऑक्टोबरला, कोटणीसांच्या जन्मदिवशी, ते करायचं ठरवलं आहे. रविवारी तालमी पुन्हा सुरू झाल्या. काजळ बंद झालं. जपानी अधिकाऱ्याचं 'हा हा हा' गेलं, त्याला आता बायकोला पत्र लिहिण्याचं एक छोटं स्वगत आहे, आणि ते संपवून तो गाव जाळायचा हुकूम देतो. तो मुलगा म्हणाला, हे आधीपेक्षा भीतीदायक वाटतंय.

गुओ चिंगलानचं काम करणारी मुलगी लाल खुणा असलेलीच प्रत घेऊन आली होती. सगळ्यात जाड रेघ ज्या वाक्यावर होती ते बाळाच्या नावाचं होतं. ऑगस्ट १९४२ मध्ये त्यांना मुलगा झाला, त्याचं नाव यिनहुआ ठेवलं. यिन म्हणजे भारत, हुआ म्हणजे चीन. "सर, नावच काढलं तर बारशाचा सीन कसा करायचा?" तिने विचारलं. शिक्षकांनी तिच्या हातातून प्रत घेतली आणि रेघेच्या वरच्या मोकळ्या जागेत ते वाक्य पुन्हा लिहून दिलं.